पिसाच्या चौकात दीड तास

(रौप्यमहोत्सवी वर्षानिमित्त आपल्या सोसायटीच्या सभागृहात सभासदांनी दिलेल्या भाषणांपैकी एका भाषणाचा हा मजकूर. बोलण्याच्या ओघातले काही शब्द तसेच ठेवले आहेत.)



सेक्रेटरींनी मला सांगितलं, "काका, परदेशाबद्दल काहीतरी बोला, हलकंफुलकं." मी हो म्हणालो. पण तुम्हाला ठाऊक आहे, मी पस्तीस वर्षं बँकेत काढली आणि नंतर दहा वर्षं आपल्या सोसायटीचा खजिनदार होतो. तेव्हा प्रवासवर्णनात आकडे येणार. आणि शेवटी एक हिशेब द्यायचा राहिला आहे, तोही आज देणार आहे.

पिसाचा कलता मनोरा आपल्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. आम्ही दोघं तो दोनदा पाहिला. पहिल्यांदा २०११ साली, यात्रा कंपनीबरोबर. बस लांब थांबली, टूर मॅनेजर म्हणाले, "पंचेचाळीस मिनिटं, फोटो काढा आणि परत या." मग आम्ही चाळीसजणांनी ओळीनं उभं राहून, हात पुढे करून, मनोऱ्याला टेकू दिल्याचे फोटो काढले. माझा तो फोटो आमच्या दिवाणखान्यात अजून आहे. त्यात माझा हात मनोऱ्यापासून चांगला वीतभर लांब आहे. म्हणजे मी हवेलाच टेकू देतोय. मनोऱ्याशेजारी एवढं मोठं कॅथेड्रल आहे, पण ते मी पाहिल्याचं मला आठवत नाही.

दुसऱ्यांदा गेलो २०१९ च्या मे महिन्यात, मुलगी आणि जावयांबरोबर. फ्लॉरेन्सहून आगगाडीनं तासाभराचा प्रवास. मुलीनं आधीच गाइडसह दीड तासाची फेरी ठरवली होती. मी कुरकुर केली. म्हटलं, "अगं, एक वाकडा मनोरा पाहायला दीड तास?" ती म्हणाली, "बाबा, या वेळी मनोरा शेवटी पाहायचा."

आणि खरंच तसं झालं. गाइडबाई साधारण पन्नाशीच्या, इंग्रजी बेताचं पण स्पष्ट. त्यांनी आम्हा दहा-बाराजणांना हिरवळीच्या कडेला उभं केलं आणि मनोऱ्याकडे पाठ करायला सांगितलं. म्हणाल्या, "इथे चार इमारती आहेत. कॅथेड्रल, बाप्तिस्मा देण्याची गोल इमारत, दफनभूमी आणि घंटांचा मनोरा. जगाला चौथीच माहीत आहे, कारण ती बिघडली." सगळे हसले.

सुरुवात कॅथेड्रलपासून. त्याचं काम १०६३-६४ च्या सुमाराला सुरू झालं. त्या काळी पिसा हे समुद्रावर दबदबा असलेलं व्यापारी राज्य होतं. त्यांच्या आरमारानं सिसिलीतल्या पालेर्मोवर छापा घातला आणि तिथून आणलेल्या लुटीतून हे देवघर उभं राहू लागलं. १११८ साली पोपच्या हस्ते त्याचा विधी झाला. बाहेरून पांढऱ्या-करड्या संगमरवराचे पट्टे, दर्शनी भिंतीवर बारीक खांबांच्या चार ओळी. मूळ वास्तुरचनाकार बुस्केतो याची कबर त्याच दर्शनी भिंतीत आहे. आपल्याकडे बिल्डर सोसायटी रजिस्टर व्हायच्या आत गायब होतो, हा माणूस नऊशे वर्षं दारात आहे!

आत गेल्यावर प्रथम थंडावा जाणवतो. मग डोळे सरावल्यावर ग्रॅनाइटच्या खांबांच्या रांगा, वर सोनेरी नक्षीचं लाकडी छत. हे छत मूळचं नाही. १५९५ साली मोठी आग लागली, त्यात जुनं छत आणि बरंच काही गेलं. त्या आगीनंतरच्या दुरुस्तीत जोव्हान्नी पिसानो या शिल्पकारानं १३१० च्या सुमाराला पूर्ण केलेलं संगमरवरी व्यासपीठ सुटं करून ठेवलं गेलं. आणि ते पुन्हा जोडून उभं कधी केलं? १९२६ साली! तीनशेहून जास्त वर्षं त्याचे तुकडे सुटे होते. मी शेजारी उभ्या असलेल्या सौ.ना म्हटलं, "बघ, आपल्या लिफ्टचा सुटा भाग यायला आठ महिने लागले तर लोक मला खायला उठले होते." ती म्हणाली, "अहो, पण व्यासपीठाला चौथ्या मजल्यावर भाजी न्यायची नव्हती."

मधोमध एक मोठा ब्राँझचा दिवा लोंबतो. गॅलिलिओ पिसाचाच. हा दिवा झुलताना पाहून त्याला लंबकाचा नियम सुचला, असं आपण शाळेत शिकलो. गाइडबाईंनी ती गोष्ट सांगितली आणि लगेच म्हणाल्या, "पण हा दिवा त्या प्रसंगानंतरचा आहे." म्हणजे गोष्टीची तारीख आणि दिव्याची तारीख जुळत नाही. मला बाई एकदम आवडल्या. आमच्या ऑडिट खात्यात शोभल्या असत्या.

तिथून समोरच्या गोल इमारतीत. बाप्तिस्म्याची ही इमारत ११५२ साली सुरू झाली आणि पुरी व्हायला चौदावं शतक उजाडलं. तिचा परीघ शंभर मीटरहून जास्त. इटलीत या प्रकारची इतकी मोठी इमारत दुसरी नाही. आत निकोला पिसानो, म्हणजे मघाच्या जोव्हान्नीचे वडील, यांनी १२६० साली केलेलं व्यासपीठ आहे. बापलेकांची कामं समोरासमोरच्या इमारतींत, ही मला मोठी भाग्याची गोष्ट वाटली.

पण त्या इमारतीतलं खरं वैभव दगडात नाही. दर अर्ध्या तासानं तिथला एक कर्मचारी दारं बंद करतो, मधे येऊन उभा राहतो आणि गातो. वाद्य नाही, माइक नाही. गणवेशातला साधा माणूस. त्यानं एक सूर लावला, तो घुमटात रेंगाळला. त्यावर त्यानं दुसरा सूर सोडला, मग तिसरा. तिन्ही सूर एकदम ऐकू येत होते. तो गप्प झाल्यावरही सूर वर फिरतच होते. आमच्या हिचा गुडघा दुखत होता म्हणून ती भिंतीलगतच्या पायरीवर बसली होती. मी पाहिलं तर डोळे पुसत होती. म्हणाली, "एकच माणूस गातोय हो, पण किती जणांचा आवाज वाटतो." आम्ही घरी गाणं ऐकतो ते टीव्हीचा आवाज कमी-जास्त करण्यावरून भांडत. तिथे मिनिटभर दोघंही काही बोललो नाही.

मग दफनभूमी. काम्पोसान्तो, म्हणजे पवित्र जमीन. १२७७-७८ मध्ये काम सुरू झालं. आख्यायिका अशी, की जेरुसलेमजवळच्या ज्या टेकडीवर येशूला क्रुसावर दिलं, तिथली माती जहाजांतून आणून इथे पसरली. लांबलचक चौकोनी ओवरी, मधे हिरवळ, आपल्या जुन्या वाड्याच्या चौकासारखी. भिंतीवर जाड लोखंडी साखळ्या टांगल्या आहेत. त्या पिसाच्या बंदराच्या साखळ्या. तेराव्या शतकात जेनोवानं पिसाचा पराभव केला आणि साखळ्या तोडून नेल्या, काही फ्लॉरेन्सला दिल्या. त्या परत कधी मिळाल्या? १८४८ आणि १८६० मध्ये, इटली एक होण्याच्या सुमाराला. शेजाऱ्यांची भांडणं साडेपाचशे वर्षं चालू शकतात, पण मिटतातही. ए विंग आणि बी विंगच्या पार्किंगबद्दल मी काही बोलत नाही.

तिथेच एका कोपऱ्यात मी थबकलो. लांब झग्यातला एक पुतळा. खाली नाव, लिओनार्दो फिबोनाची. मित्रहो, माझ्यासारख्या बँकवाल्याला हा देवच! बाराव्या शतकाच्या अखेरीस याचे वडील उत्तर आफ्रिकेत, आजच्या अल्जीरियातल्या एका बंदरात, पिसाच्या व्यापाऱ्यांचं जकातीचं काम पाहत. पोरगा तिथे हिशेब शिकला, आणि शिकला कोणते आकडे? आपले. भारतीयांचे नऊ आकडे आणि शून्य, जे अरबांकडून तिथवर पोचले होते. १२०२ साली त्यानं ग्रंथ लिहून युरोपातल्या व्यापाऱ्यांना ते समजावले. त्यात व्याज, भागीदारी, नाण्यांची अदलाबदल, सगळं. तोवर ती मंडळी रोमन आकड्यांत खाती लिहीत. रोमन आकड्यांत कधी गुणाकार करून पाहा! पुढे १२४० च्या सुमाराला पिसाच्या सरकारनं त्याला हिशेबातल्या सल्ल्याबद्दल वर्षाला वीस लिरा मानधन बांधून दिलं. मी जावयांना म्हटलं, "म्हणजे यांना पेन्शन होती." मी पुतळ्याला नमस्कार केला. शेजारचे जपानी पाहुणे पाहत राहिले. पाहू देत.

याच ओवरीत एक मोठं भित्तिचित्र आहे, 'मृत्यूचा विजय'. चौदाव्या शतकातलं, बुफ्फालमाक्को या चित्रकाराचं. त्याची कथा ऐका, कारण ती मला पुढे उपयोगी पडली. २७ जुलै १९४४ ला, दुसऱ्या महायुद्धात, एक तोफगोळा छपरावर पडला. लाकडी छपराला आग लागली आणि छपरावरचे शिशाचे पत्रे वितळून भिंतींवरून ओघळले. चित्रं वाचवण्यासाठी ती भिंतीवरून सोलून काढली, कापडावर चिकटवली. त्या वेळी वापरलेल्या सरसानं पुढे चित्रांचंच नुकसान केलं. म्हणजे दुरुस्तीची दुरुस्ती करायची वेळ आली. शेवटी शास्त्रज्ञांनी असे जिवाणू वापरले जे सरस खातात आणि रंगाला हात लावत नाहीत. हे चित्र २०१८ साली भिंतीवर परत गेलं. आम्ही पाहिलं ते त्यानंतर वर्षभरानं.

आता मनोरा. मुलगी आणि जावई तिकीट काढून वर गेले. हिच्या गुडघ्यामुळे आम्ही दोघं खालीच बसलो, आणि गाइडबाई फेरी संपली असूनही आमच्याजवळ दहा मिनिटं बसल्या. मी विचारलं, "हे सगळं सांभाळतं कोण?" त्या म्हणाल्या, "ओपेरा." मला वाटलं गाण्याचा ओपेरा. त्या हसल्या. "ओपेरा म्हणजे काम. कॅथेड्रल बांधायला नेमलेली ही संस्था. बांधकाम संपलं, पण देखभाल कधी संपत नाही, म्हणून संस्था अजून आहे." नऊशेहून जास्त वर्षं चाललेली मेंटेनन्स कमिटी! तुमच्या तिकिटाचे पैसे तिच्याकडेच जातात.

मनोऱ्यासाठीची जुनी नोंद आहे ती एका विधवेच्या देणगीची. ११७२ च्या जानेवारीत बेर्ता नावाच्या बाईनं दगड घ्यायला साठ नाणी दिली. राजाचं नाव मागाहून, आधी एका बाईची पावती. पुढल्या वर्षी काम सुरू झालं. पाया जेमतेम तीन मीटर खोल, खाली मऊ चिकणमाती आणि वर सुमारे साडेचौदा हजार टनांचा भार येणार होता. तिसऱ्या-चौथ्या मजल्याशी काम थांबलं आणि जवळजवळ शंभर वर्षं थांबून राहिलं. युद्धं होती. पण आजचे इंजिनिअर म्हणतात, ही खीळ बसली म्हणूनच मनोरा वाचला. तेवढ्या काळात माती दबून घट्ट झाली. सलग बांधला असता तर तेव्हाच कोसळला असता. १२७२ ला पुन्हा सुरू केलं तेव्हा कारागीर कलतं काम सावरत वर गेले, म्हणून मनोरा नुसता कललेला नाही, किंचित केळ्यासारखा वाकलेलाही आहे. वर घंटांच्या मजल्यावर चढायला दक्षिणेला सहा पायऱ्या आणि उत्तरेला चार.

यापुढचं नीट ऐका. १८३८ साली पायाचं नक्षीकाम दिसावं म्हणून भोवती खड्डा खणला. पाणी उसळलं आणि मनोरा आणखी कलला. १९३४ साली पाया मजबूत करायला म्हणून भोकं पाडून सिमेंट भरलं, पुन्हा कलला. दोन्ही वेळा हेतू चांगला, पण आधी खालच्या मातीला कुणी विचारलं नव्हतं. १९८९ ला पाविया गावातला जुना मनोरा अचानक कोसळला, चार माणसं गेली. तेव्हा इटलीचं सरकार जागं झालं. जानेवारी १९९० मध्ये पिसाचा मनोरा बंद केला आणि तज्ज्ञांची समिती बसली.

समितीनं मोजमापं घेतली. मग १९९३ मध्ये उत्तरेच्या बाजूला शिशाचे ठोकळे ठेवून तात्पुरता तोल साधला. १९९५ मध्ये एक प्रयोग अंगाशी आला, मनोरा भलत्या बाजूला सरकला, तेव्हा काम थांबवून आणखी शिसं ठेवलं. शेवटी जो उपाय सापडला तो इतका साधा, की ऐकून हसू येईल. मनोरा दक्षिणेला कलतोय ना? मग उत्तरेच्या बाजूनं तिरकी भोकं पाडून खालची माती थोडी थोडी काढायची. रोज अगदी थोडी, आणि प्रत्येक वेळी मोजायचं. सगळी मिळून सुमारे ३८ घनमीटर माती, म्हणजे वाळूचे चार-पाच ट्रक. उत्तरेची बाजू खाली बसली आणि मनोरा सुमारे अर्धा अंश मागे आला. वरचं टोक साधारण ४५ सेंटिमीटर मागे. डिसेंबर २००१ मध्ये तो लोकांना पुन्हा उघडला.

ती माती काढायला सुरुवात झाली १९९९ मध्ये. आपल्या सोसायटीची नोंदणी झाली त्याच वर्षी. बाईंनी ते साल सांगितलं आणि मी त्या बाकावर गप्प झालो. हिनं विचारलं, "काय हो, काय झालं?" मी म्हटलं, "सी विंग आठवली."

आता राहिलेला हिशेब.

जुन्या सभासदांना आठवत असेल. २०१३ साली एका इंजिनिअरनं सी विंगच्या तळमजल्याची ओल पाहून सांगितलं होतं, की आधी संपूर्ण इमारतीचं स्ट्रक्चरल ऑडिट करा, पाणी कुठून येतं ते शोधा. खर्चाचा आकडा पाहून खजिनदार म्हणून मी उभा राहिलो आणि म्हणालो, "या वर्षी नको." पुढच्या वर्षीही म्हणालो, "या वर्षी नको." सिंकिंग फंडातली मुदत ठेव मोडायची नाही, हा माझा हट्ट. दर वार्षिक सभेत मी वाढलेलं व्याज वाचून दाखवायचो आणि तुम्ही टाळ्या वाजवायचात. आणि ऑडिटऐवजी मी स्वस्तात काय करून घेतलं? गच्चीवर जुन्या कोब्यावर नवा ब्रिकबॅट कोबा. कुणालाही न विचारता त्या स्लॅबवर भार वाढवला. पाणी मात्र गच्चीतून येतच नव्हतं. ते येत होतं ड्रेनेजच्या फुटलेल्या पाइपातून.

तळमजल्यावरच्या आजींनी तीन पावसाळे हॉलमध्ये खाट टाकून काढले. दमा होता त्यांना. भेटल्या की म्हणायच्या, "तुमचं काय ते हिशेबाचं बघा आधी, मग माझं." त्या हे रागानं म्हणत नसत, म्हणून मला ते ऐकू आलं नाही. पाइप दुरुस्त झाला तेव्हा त्या मुलीकडे राहायला गेल्या होत्या, परत आल्या नाहीत. इटलीहून आल्यावर मी त्यांच्या मुलाकडे जाऊन माफी मागितली. तो म्हणाला, "काका, तुम्ही फंड वाचवत होतात." त्याचं मन मोठं. पण माझ्या चोपडीत ते चुकीचंच खातं आहे. फंड इमारतीसाठी होता, मी इमारत फंडासाठी वापरली. हे आज सगळ्यांसमोर सांगितल्याशिवाय या स्मरणिकेत माझा फोटो छापून यावा, हे मला पटत नव्हतं.

आता येत्या वार्षिक सभेत दोन बाजू पडणार, हे सगळ्यांना माहीत आहे. एक म्हणते, पाडा आणि रिडेव्हलपमेंटला द्या. दुसरी म्हणते, रंग काढा, चार वर्षं ढकला. मी दोन्हीकडच्या मंडळींना हात जोडून सांगतो, आधी मोजा. आदर्श उपविधींप्रमाणे पंधरा ते तीस वर्षं वयाच्या इमारतीचं दर पाच वर्षांनी स्ट्रक्चरल ऑडिट व्हायला हवं. आपली पंचविशी झाली, एकदाही झालेलं नाही, आणि त्यातली बरीच वर्षं मी खजिनदार होतो. अहवाल येऊ दे, मग भांडू. हातात आकडे असले की भांडण लवकर मिटतं, हा माझा बँकेतला अनुभव आहे. त्या खर्चासाठी मुदत ठेव मोडायचा ठराव मी स्वतः मांडणार आहे. अनुमोदनाला कुणीतरी तयार राहा.

आणि एक छोटं काम मी आधीच सुरू केलंय. मागच्या जूनपासून दर महिन्याच्या पहिल्या रविवारी मी सी विंगच्या पार्किंगमधल्या तीन भेगा पट्टीनं मोजतो आणि वहीत तारखेसह लिहितो. वॉचमनला वाटतं म्हाताऱ्याला काहीतरी झालंय. दोन भेगा आहेत तशाच आहेत. तिसरी पावसाळ्यात एक मिलिमीटरनं वाढली. वही सेक्रेटरींच्या कपाटात ठेवली आहे, कुणीही पाहावी. माझी नजर आता पूर्वीसारखी राहिली नाही, तेव्हा एखाद्या दहावी-बारावीच्या मुलानं किंवा मुलीनं हे काम माझ्याकडून घेतलं तर बरं होईल. पट्टी माझी देईन.

दिवाणखान्यातला तो टेकू देणारा फोटो हिनं काढायला सांगितला होता. मी ठेवलाय. येता-जाता माझा तो लांबवरचा हात दिसतो.

बाहेर चहा आणि बटाटेवडे तयार आहेत.